समोरच्या काचेचे रबर : गळती काचेची, घात पत्र्याचा

पावसाळ्याची पहिली मोठी सर रात्री कोसळून गेलेली असते. सकाळी गाडीचे दार उघडावे, तर पायाखालची मॅट ओली, आत कुबट वास आणि समोरच्या काचेवर आतल्या बाजूने दाट धुके. दारांच्या काचा तर सगळ्या वर घेतलेल्या होत्या. मग पाणी आले कोठून? जुनी ॲम्बॅसिडर, प्रीमियर पद्मिनी किंवा मारुती ८०० जपणाऱ्यांना हा अनुभव नवा नाही. अशा वेळी गाडी जवळच्या गॅरेजात नेली जाते, समोरच्या काचेच्या कडेने सिलिकॉनची एक रेघ ओढली जाते आणि गळती थांबली असे समजून मालक निश्चिंत होतो. दोन-तीन पावसाळे निघूनही जातात. पुढे एखाद्या वर्षी रंगकामासाठी काच काढली जाते, तेव्हा रबराखालचा पत्रा बिस्किटासारखा हातात येतो.

समोरच्या काचेचे रबर हा गाडीतला तसा किरकोळ भाग. इंजिनासारखा त्याचा आवाज येत नाही, टायरसारखी त्याची झीज डोळ्यांत भरत नाही. परंतु ते वेळेवर बदलले नाही, तर त्याची किंमत काचेच्या चौकटीचा पत्रा मोजतो आणि हा पत्रा गाडीच्या सांगाड्याचाच भाग असतो. म्हणूनच रबर बदलण्याचे काम म्हणजे केवळ जुने काढून नवे लावणे नव्हे. त्या निमित्ताने उघड्या पडणाऱ्या पत्र्याच्या कडेची दुरुस्ती हा या कामाचा खरा गाभा आहे. ही माहिती गाडीमालकांनी आधीच करून घेतली, तर गॅरेजात कोणते काम करवून घ्यायचे आणि कोणते टाळायचे, हे त्यांना स्वतः ठरविता येईल.

रबर नेमके काय करते?

जुन्या रचनेच्या गाड्यांत समोरची काच कोणत्याही गोंदाने चिकटविलेली नसते. ती केवळ रबराच्या पकडीवर उभी असते. हे रबर आडवे कापून पाहिले, तर त्याचा आकार साधारणपणे इंग्रजी ‘एच’ अक्षर आडवे ठेवावे तसा दिसतो. त्याला दोन खोबणी असतात. एका खोबणीत काचेची कड बसते आणि दुसऱ्या खोबणीत गाडीच्या चौकटीच्या पत्र्याची कड. खोबणींच्या दोन्ही बाजूंना रबराचे ओठ असतात. हे ओठ काचेवर आणि पत्र्यावर घट्ट दाबून बसतात. पाणी अडते ते या दाबामुळे. काही गाड्यांत रबराच्या मध्यभागी आणखी एक खाच असते. त्यात वेगळी पट्टी ठोकून बसविली, की ओठ फाकून अधिक घट्ट होतात. ही पट्टी कधी रबरी असते, तर कधी चकचकीत धातूची. गॅरेजात तिला ‘बीडिंग’ म्हणतात.

आपल्याकडे कित्येक दशके रस्त्यावर दिसणाऱ्या गाड्यांत हीच पद्धत होती. वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये स्थापन केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ल्यातील कारखान्यात तयार झालेली पद्मिनी, २०१४ पर्यंत उत्पादन चालू राहिलेली ॲम्बॅसिडर, तसेच डिसेंबर १९८३ मध्ये रस्त्यावर आलेली आणि जानेवारी २०१४ मध्ये बंद झालेली मारुती ८०० ही त्याची परिचित उदाहरणे. मुंबईच्या काळ्या-पिवळ्या टॅक्सींतील शेवटच्या पद्मिनीची नोंदणी २९ ऑक्टोबर २००३ रोजी झाली होती. टॅक्सींसाठीची २० वर्षांची वयोमर्यादा संपल्याने ऑक्टोबर २०२३ अखेर पद्मिनी टॅक्सी मुंबईच्या रस्त्यांवरून गेली. खासगी मालकीच्या जुन्या गाड्या मात्र आजही अनेकांनी जपून ठेवल्या आहेत. बस आणि ट्रकच्या काचाही मोठ्या प्रमाणावर रबरातच बसविल्या जात आल्या आहेत.

या रचनेचा फायदा असा, की काच फुटली तर रस्त्याकडेला उभे राहूनही ती बदलता येते. शिवाय, खड्ड्यांतून जाताना सांगाडा थोडा पिळवटला, तरी तो ताण रबर स्वतःवर घेते आणि काच वाचते. तोटा असा, की सारी भिस्त रबराच्या लवचिकपणावर असते. तो गेला, की पकडही जाते.

रबर म्हातारे का होते?

कच्चे रबर उन्हात चिकट आणि थंडीत ठिसूळ होते. अमेरिकेतील चार्ल्स गुडइयर यांनी १८३९ मध्ये रबर आणि गंधक एकत्र तापविले, तेव्हा ते टिकाऊ व लवचिक होते, असे आढळून आले. व्हल्कनायझेशन ही प्रक्रिया ती हीच. मात्र नैसर्गिक रबराच्या आणि त्याच्यासारख्या काही कृत्रिम रबरांच्या रेणुसाखळीत दुहेरी बंध शिल्लक राहतात. हवेतील ओझोन वायू नेमका या बंधांवर हल्ला करतो. रबर ताणलेल्या अवस्थेत असेल तर हा परिणाम अधिक वेगाने होतो आणि ताणाच्या आडव्या दिशेने बारीक भेगा पडू लागतात. काचेच्या चार कोपऱ्यांत रबर वळलेले, म्हणजेच ताणलेले असते. त्यामुळे पहिल्या भेगा बहुधा तेथेच दिसतात.

याच्या जोडीला सूर्यप्रकाशातील अतिनील किरण आणि उष्णता असते. उन्हात उभ्या केलेल्या गाडीचा पत्रा हाताला चटका देण्याइतका तापतो. रबराला मऊ ठेवणारे तेलासारखे घटक या उष्णतेने हळूहळू निघून जातात. मग रबर कडक होते आणि आकसते. आकसलेले रबर कोपऱ्यांत काचेपासून किंचित दूर सरते आणि तेवढी फट पाण्याला पुरते.

हल्ली अशा कामासाठी प्रामुख्याने ईपीडीएम या नावाने ओळखले जाणारे कृत्रिम रबर वापरले जाते. त्याच्या मुख्य रेणुसाखळीत दुहेरी बंध नसल्याने ओझोन आणि ऊन यांना ते अधिक काळ दाद देत नाही. पाणी आणि साबणही त्याला सोसतात. त्याचे वैर आहे ते पेट्रोल, डिझेल, रॉकेल, ग्रीस यांसारख्या खनिज तेलांशी. त्यांच्या संपर्काने ते फुगते आणि मऊ पडते. ही गोष्ट पुढे काम करताना आणि नंतर निगा राखताना लक्षात ठेवणे अगत्याचे आहे.

सिलिकॉनची रेघ घातक का?

पाणी रबराच्या बाहेरच्या ओठाखालून आत शिरले, की ते थेट गाडीत पडत नाही. आधी ते खोबणीच्या तळाशी, पत्र्याच्या कडेवर साचते. तेथे हवा खेळत नाही आणि ऊनही पोचत नाही. त्यामुळे बाहेरचा पत्रा तासाभरात कोरडा झाला, तरी रबराखालची ओल कित्येक दिवस टिकते. साचलेल्या पाण्यात खोलवर प्राणवायू कमी आणि कडेला अधिक, अशी विषम स्थिती निर्माण होते. अशा वेळी प्राणवायू कमी असलेल्या भागातील लोखंड झिजू लागते. दोन पृष्ठभागांमधील चिंचोळ्या फटीत गंज अधिक वेगाने वाढतो, त्याचे हे कारण आहे. किनारपट्टीवर हवेतील मीठ या पाण्यात मिसळते आणि गंजाचा वेग आणखी वाढतो. मुंबई, कोकण आणि गोव्यातील गाडीमालकांनी म्हणूनच या बाबतीत अधिक दक्ष राहावयास हवे.

आता या स्थितीत बाहेरून सिलिकॉनची रेघ ओढली, की काय होते? काही काळ पाणी आत येणे कमी होते, हे खरे. परंतु आधीच आत असलेल्या ओलीचा बाहेर पडण्याचा मार्गही बंद होतो. काही महिन्यांनी ही रेघ एखाद्या ठिकाणी सुटते, तेथून पुन्हा पाणी शिरते आणि अडकून बसते. मालकाला मात्र मॅट कोरडी दिसत असल्याने आत काय चालले आहे, याचा पत्ता लागत नाही. शिवाय बाजारात स्वस्त मिळणारे पुष्कळसे सिलिकॉन सुकताना व्हिनेगरसारखा उग्र दर्प देते. तो दर्प ॲसिटिक आम्लाचा असतो आणि हे आम्ल उघड्या लोखंडाला गंजण्यास मदतच करते. पुढे कधी रंगकाम करायचे ठरले, तर पत्र्यावर राहिलेल्या सिलिकॉनच्या अंशावर रंग नीट धरत नाही, हा आणखी एक तोटा. तात्पुरता उपाय म्हणून चार दिवस चिकटपट्टी लावणे परवडले, पण कायमचा उपाय म्हणून सिलिकॉन नको.

गंज लपून राहिला, तर तो काचेच्या चौकटीतून खाली उतरतो. चौकटीच्या बाजूचे खांब उलटलेल्या गाडीत छपराचा भार पेलतात. त्यांच्या बुडाशी गंज पोचणे म्हणजे थेट सुरक्षिततेला धोका. शिवाय अनेक गाड्यांत फ्यूज बॉक्स आणि तारांचे जोड डॅशबोर्डखाली असतात. तेथे ठिबकणारे पाणी दिवे किंवा वायपर ऐन पावसात बंद पाडू शकते. गालिचा सतत ओला राहिल्याने काचेवर आतून धुके धरते व समोरचे दिसत नाही, ते वेगळेच.

गळती नक्की कोठली?

ओली मॅट दिसली म्हणजे दोष रबराचाच, असे समजू नये. बॉनेट आणि काच यांमधील जाळीखालचा पाण्याचा निचरा पालापाचोळ्याने तुंबला, वायपरच्या दांड्याभोवतीचे वायसर झिजले किंवा दाराचे रबर फाटले, तरीही पाणी याच जागी येते. झाडाखाली उभ्या राहणाऱ्या गाडीत प्रथम ती जाळी साफ करून पाहावी.

तपासणीची रीत सोपी आहे. आतील मॅट काढावी, डॅशबोर्डच्या वरची कड आणि बाजूचे खांब पुसून कोरडे करावेत आणि रबराच्या आतल्या ओठालगत टाल्कम पावडरीचा हलका थर द्यावा. एकाने आत बॅटरी घेऊन बसावे आणि दुसऱ्याने बाहेरून नळीने पाणी सोडावे. पाण्याला जोर नको. नुसती धार पुरे. सुरुवात काचेच्या खालच्या कडेपासून करावी आणि प्रत्येक टप्प्यावर काही मिनिटे थांबत वर जावे. वरून सुरुवात केली, तर पाणी सगळीकडे ओघळते आणि नेमकी जागा कळत नाही. पावडरीत जेथे पहिला ओघळ उमटेल, ती गळतीची जागा. पाणी पत्र्याच्या आतून बरेच अंतर वाहत जाऊन भलतीकडेच ठिबकते, त्यामुळे ठिबकण्याच्या जागेवरून निष्कर्ष काढू नये.

रबर बोटाने दाबून पाहावे. ते दबून पुन्हा वर येत असेल, भेगा नसतील, तर केवळ ओठाखालची धूळ काढून न सुकणारा सीलंट भरल्यानेही काम भागू शकते. नखाने दाबल्यावर खूण तशीच राहत असेल, कोपरे उचललेले असतील किंवा रबराशेजारच्या रंगाला फुगे आले असतील, तर मात्र रबर बदलावयासच हवे. रंगाचे फुगे हे आत गंज असल्याचे निश्चित लक्षण आहे. लोखंडापेक्षा गंजाचे आकारमान अधिक असल्याने तो रंगाला आतून वर ढकलतो.

रबराची निवड

रबर शक्यतो त्याच गाडीच्या त्याच मॉडेलसाठी बनविलेले घ्यावे. एकाच नावाच्या गाडीत वर्षानुसार काचेचा आकार बदललेला असू शकतो, म्हणून जुन्या रबराचा बोटभर तुकडा कापून नमुना म्हणून दुकानात न्यावा. खोबणींची रुंदी, ओठांची जाडी आणि मधल्या पट्टीची खाच हे तिन्ही ताडून पाहावे. पुण्यात नाना पेठ, मुंबईत कुर्ल्याचा सीएसटी रोड अशा सुट्या भागांच्या बाजारांत जुन्या गाड्यांची रबरे शोधता येतात. मात्र वर्षानुवर्षे दुकानात पडून राहिलेले रबर ‘नवे’ असले, तरी कडक झालेले असू शकते. ते दुमडून पाहावे. घडीवर बारीक भेगा दिसल्या तर घेऊ नये.

कोपरे घडवलेले अखंड रबर मिळाले, तर उत्तम. ते न मिळाल्यास मीटरवर विकले जाणारे सरळ रबर वापरतात. अशा वेळी ते काचेच्या घेरापेक्षा किंचित अधिक लांब कापावे आणि दाबून बसवावे. ताणून बसविलेले रबर कालांतराने आपल्या मूळ लांबीवर येते आणि जोड उघडा पडतो. जोड कोपऱ्यात घेऊ नये. तसेच रबराचा जोड आणि मधल्या पट्टीचा जोड एकाच ठिकाणी येऊ देऊ नये. गुंडाळी करून ठेवलेले रबर बसविण्यापूर्वी तासभर उन्हात मोकळे पसरून ठेवले, तर त्याचे पीळ जातात आणि ते मऊही होते. या कामासाठी एप्रिल-मे हे महिने योग्य ठरतात, ते याही कारणाने.

जुने रबर काढताना

हे काम एकट्याने करावयाचे नाही. किमान दोन माणसे हवीत. हातमोजे आणि डोळ्यांवर चष्मा असावा. वायपरचे हात, आतील आरसा आणि काचेलगतच्या पट्ट्या प्रथम काढाव्यात. बॉनेटवर व डॅशबोर्डवर जुनी गोधडी पसरावी.

मधली पट्टी असल्यास तिचे टोक शोधून, चिकटपट्टी गुंडाळलेल्या स्क्रू ड्रायव्हरने अलगद उचकटावे आणि पट्टी ओढून काढावी. काच वाचवायची असेल, तर जुन्या रबराचा मोह सोडावा. धारदार पात्याने बाहेरचा ओठ चहूबाजूंनी कापून टाकावा. कापताना पाते काचेला वा रंगाला लागणार नाही, याची काळजी घ्यावी. ओठ निघाला, की आतल्या माणसाने वरच्या एका कोपऱ्याजवळ दोन्ही तळहात पसरून हळूहळू बाहेरच्या दिशेने दाब द्यावा आणि बाहेरच्याने काच झेलावी. सीटवर बसून पायाने काच ढकलण्याची गॅरेजांतील रीत टाळावी. दाब एका जागी पडला, की काचेला तडा जातो.

समोरची काच बहुधा लॅमिनेटेड असते, म्हणजे दोन काचांच्या मध्ये पारदर्शक प्लास्टिकचा पापुद्रा असतो. आघात झाला तरी तुकडे त्या पापुद्र्याला चिकटून राहतात. १९९३ मध्ये केंद्रीय मोटार वाहन नियमांत झालेल्या दुरुस्तीनंतर समोरच्या काचेसाठी ही काच टप्प्याने बंधनकारक झाली. त्यापूर्वीच्या गाड्यांत टफन्ड काच असू शकते. ती फुटली तर तिचा क्षणात बारीक चुरा होतो. गाडी त्या काळातील असेल, तर रबर बदलतानाच लॅमिनेटेड काच बसवून घेणे शहाणपणाचे. काचेच्या कोपऱ्यातील शिक्का वाचला, की ती कोणत्या प्रकारची आहे ते कळते. काढलेली काच जमिनीवर ठेवताना खाली घोंगडी अंथरावी. काचेच्या कडेचा टवका उडाला, तर पुढे तडा तेथूनच सुरू होतो.

पत्र्याची कड : कामाचा गाभा

काच निघाली, की घाई करू नये. येथून पुढचा अर्धा दिवस हा या कामातील सर्वांत मोलाचा वेळ. चौकटीच्या कडेवरील जुना सीलंट, माती आणि रबराचे चिकटलेले अवशेष लाकडी किंवा प्लास्टिकच्या पट्टीने खरवडून काढावेत. मग तारेच्या ब्रशाने आणि सँडपेपरने कड घासावी. खालची कड आणि खालचे दोन कोपरे विशेष बारकाईने पाहावेत, कारण पाणी साचते ते तेथेच.

गंज केवळ पृष्ठभागावर असेल, तर चकचकीत पत्रा दिसेपर्यंत घासावे. खोलगट खड्ड्यांत राहिलेल्या गंजासाठी फॉस्फोरिक आम्लयुक्त द्रावण मिळते. ते गंजाचे रूपांतर लोहाच्या फॉस्फेटमध्ये करते. उत्पादकाने सांगितलेला वेळ गेल्यावर कड स्वच्छ करून कोरडी करावी. त्यावर गंजरोधक प्रायमर आणि मग रंग द्यावा. रंग पूर्ण वाळल्याशिवाय रबर बसवू नये. ओल्या रंगावर बसविलेले रबर रंगाला चिकटते आणि पुढे काढताना रंग सोलून आणते.

पत्र्याला भोके पडली असतील, तर तो भाग कापून नवा तुकडा वेल्डिंगने जोडणे हाच उपाय आहे. येथे पुट्टी भरून वेळ मारून नेण्याचा प्रकार सर्रास होतो. पुट्टी ओल शोषते आणि तिच्याखाली गंज पुन्हा सुरू होतो. मुख्य म्हणजे, तिच्यात पत्र्याची ताकद नसते. वेल्डिंगनंतर जोडावरचे उंचवटे कानशीने घासून सपाट करावेत. कडेवर एखादा उंचवटा राहिला, तर रबर त्या जागी काचेला वर ढकलते आणि पहिल्याच मोठ्या खड्ड्यात काच तडकते. नवी काच बसविल्यावर काही दिवसांतच ‘आपोआप’ तडा गेला, अशी तक्रार ऐकू येते, तेव्हा पुष्कळदा कारण हेच असते.

गॅरेजला काम देतानाच ‘काच काढल्यावर मला बोलवा, पत्रा पाहिल्याशिवाय रबर बसवू नका’, असे स्पष्ट सांगावे. शक्य असल्यास त्या वेळी छायाचित्रे काढून ठेवावीत. एकदा रबर बसले, की आतले काम कसे झाले, हे पुढची अनेक वर्षे कोणालाही दिसणार नाही.

दोरीची युक्ती

नवे रबर बसविण्याची सर्वांत प्रचलित पद्धत दोरीची आहे. प्रथम काचेच्या कडेभोवती रबर चढवावे आणि कोपरे नीट बसल्याची खात्री करावी. मग पत्र्यासाठी असलेल्या रिकाम्या खोबणीत गुळगुळीत नायलॉनची मजबूत दोरी चहूबाजूंनी भरावी. दोरीची दोन्ही टोके खालच्या कडेच्या मध्यभागी एकमेकांवरून जाऊन आतल्या बाजूस लोंबतील, अशी ठेवावीत.

खोबणीत आणि पत्र्याच्या कडेवर साबणाचे पाणी लावावे. ग्रीस, तेल किंवा रॉकेल अजिबात नको. साबणाचे पाणी वाळून जाते आणि पकड कायम राहते. तेल मात्र रबर फुगविते आणि काच सरकत राहते.

आता दोघांनी काच उचलून बाहेरून चौकटीवर मध्यभागी टेकवावी. बाहेरच्याने तळहाताने दाब द्यावा आणि आतल्याने दोरीचे एक टोक काचेच्या मध्याच्या दिशेने हळूहळू ओढावे. दोरी बाहेर पडता पडता रबराचा आतला ओठ उलटून पत्र्याच्या कडेवर चढतो. आधी खालची कड, मग दोन्ही बाजू आणि शेवटी वरची कड, असा क्रम ठेवावा. दोरी जेथे असेल, तेथेच बाहेरून दाब हवा. म्हणून दोघांचे बोलणे चालू असले पाहिजे. ओठ एखाद्या ठिकाणी अडकला, तर जोर लावू नये. तेवढा भाग पुन्हा ओला करून बोथट पट्टीने ओठ सोडवावा.

ज्या रबरात मध्ये वेगळी पट्टी असते, तेथे बहुधा रबर आधी चौकटीवर बसवितात, मग काच त्याच्या खोबणीत सरकवितात आणि शेवटी पट्टी भरतात. ही पट्टी भरण्यासाठी कडी असलेले एक साधे हत्यार मिळते. पट्टीही ताणून भरू नये. टोके एकमेकांना किंचित दाबून बसली पाहिजेत.

शेवटी, गाडीच्या माहितीपुस्तिकेत सांगितले असेल, तेथे रबर आणि काच तसेच रबर आणि पत्रा यांच्या दरम्यान न सुकणारा सीलंट बाहेरून ओठ उचलून भरावा आणि ओघळलेला भाग पुसून घ्यावा. हा सीलंट लवचिक राहतो, म्हणून रबराबरोबर हलतो. एक दिवस जाऊ द्यावा आणि मग पूर्वीप्रमाणेच खालून वर पाणी सोडून तपासणी करावी. पत्रा चांगला असेल, तर हे सारे काम दोन अनुभवी माणसे अर्ध्या दिवसात करतात. गंजाची दुरुस्ती आणि रंग असेल, तर दोन-तीन दिवस गृहीत धरावेत. ‘तासाभरात करून देतो’ असे कोणी म्हणाले, तर पत्र्याकडे पाहिले जाणार नाही, असे खुशाल समजावे.

नव्या गाड्यांचा मार्ग वेगळा

गेल्या काही दशकांतील बहुतेक मोटारींत समोरची काच पॉलियुरेथेन या चिकट द्रव्याने थेट चौकटीला जोडलेली असते. तिच्या भोवती दिसणारी काळी रबरी पट्टी केवळ शोभेसाठी आणि धूळ अडविण्यासाठी असते. तेथे वर सांगितलेली पद्धत मुळीच वापरू नये. अशा गाडीत काच ही सांगाड्याच्या मजबुतीचा भाग असते आणि अनेक गाड्यांत शेजारच्या प्रवाशापुढील एअरबॅग फुगताना काचेचाच आधार घेते. जोड कच्चा राहिला, तर अपघातात काच बाहेर फेकली जाऊ शकते.

ओळखण्याची खूण अशी, की काचेच्या कडेला आतून रुंद काळा पट्टा छापलेला असेल आणि रबर पत्र्याच्या कडेवर आतल्या बाजूने आलेले नसेल, तर काच चिकटविलेली आहे. तिचे काम योग्य प्रायमर, योग्य द्रव्य आणि प्रशिक्षित कारागीर असलेल्या ठिकाणीच करवून घ्यावे. हे द्रव्य हवेतील ओलाव्याने पक्के होते. त्यासाठी लागणारा वेळ तापमानावर आणि दमटपणावर अवलंबून असतो. तो पूर्ण होईपर्यंत गाडी चालवू नये. नेमका किती वेळ, हे कारागिराला विचारून घ्यावे.

विमा आणि फेरनोंदणी

सर्वसमावेशक विमा असला, तरी झीज आणि वार्धक्यामुळे रबर खराब होणे त्यात बसत नाही. अपघातात काच फुटली आणि तिच्याबरोबर रबरही बदलावे लागले, तर गोष्ट वेगळी. परंतु तेथेही नेहमीच्या पॉलिसीत काचेवर घसारा धरला जात नाही आणि रबराच्या भागांवर ५० टक्के घसारा धरला जातो. दावा करण्यापूर्वी हा फरक लक्षात घ्यावा.

खासगी मोटारीची नोंदणी १५ वर्षांची असते. त्यानंतर नूतनीकरणासाठी गाडी तपासणीस न्यावी लागते. सांगाड्याला लागलेला गंज त्या वेळी अडचणीचा ठरू शकतो. ज्यांना जुनी गाडी पुढेही वापरायची आहे, त्यांनी तपासणीच्या आधीच्या उन्हाळ्यात काचेच्या चौकटीची पाहणी करून घेतलेली बरी.

नंतरची निगा

नवे रबर बसविल्यावर काही दिवस गाडी जोरदार फवाऱ्याने धुऊ नये. धुलाई केंद्रांत रबर काळेभोर चमकावे म्हणून डिझेलचे फडके फिरविण्याची सवय असते, ती ठामपणे नाकारावी. साधा साबण, स्वच्छ पाणी आणि अधूनमधून रबरासाठीचे सिलिकॉनयुक्त पॉलिश किंवा थोडे ग्लिसरीन एवढे पुरते. हे पॉलिश काचेवर येऊ देऊ नये. गाडी शक्यतो सावलीत ठेवावी. मात्र झाडाखाली ठेवल्यास काचेखालच्या जाळीतील पाने दर आठवड्यास काढावीत. वर्षातून एकदा, पावसाळ्यापूर्वी, चारही कोपरे बोटाने दाबून पाहावेत.

पावसाचे पाणी वाट शोधतेच. ते गाडीत आले, तर निदान दिसते आणि मालक जागा होतो. रबराखाली थांबलेले पाणी दिसत नाही आणि आवाजही करत नाही. म्हणून काचेचे रबर बदलायचे ठरेल, तेव्हा नव्या रबराच्या तुकतुकीवर समाधान मानू नये. त्याच्याखाली जाणारी पत्र्याची कड आपल्या डोळ्यांनी पाहावी आणि ती कोरडी, घासलेली व रंगविलेली असेल, तरच काच वर चढू द्यावी.